हाताला चाळा

साताऱ्यातल्या त्या अभ्यासिकेत माझं पाचवं वर्ष चाललं होतं. मेढ्याजवळच्या गावातून आले तेव्हा दोन वर्षांत तलाठी होऊन दाखवते, असं घरी सांगितलं होतं. वाट्याला आली ती प्लायवूडच्या तीन फळ्यांमधली जागा. दिवसभर तिथं बसून पायांना मुंग्या यायच्या आणि हात नुसते वळवळायचे.

शेजारच्या टेबलावरची मुलगी माणदेशातली, मेंढरं राखणाऱ्या घरातली. मी पेनाचं टोपण सारखं उघडझाप करते म्हणून वैतागून तिनं एक दिवस चुंबकाच्या तीन कड्या माझ्यासमोर ठेवल्या. "ह्यानं खेळ. पर आवाज न्हाई आला पायजे."

त्या कड्या मी परत केल्याच नाहीत. बदल्यात तिला माझा बटणांचा ठोकळा दिला आणि नाद लागला. चहाच्या सुट्टीत आम्ही सात-आठ जणी जिन्यात बसून अदलाबदल करायचो. बोटांत फिरवायचे स्पिनर, रबरी माळा, पिळायचे साप. रबरी बुडबुडे दाबायचं पॉप-इट मात्र कुणी घेत नसे, कारण ते टपटप वाजतं. सगळ्यात मान होता तिच्या पितळी स्पिनरला. तिच्या भावानं कुपवाडच्या कारखान्यात लेथवर स्वतः बनवलेला. त्याच्यापायी मी चार वस्तू द्यायला तयार होते.

"आठ दिल्यास तरी न्हाई," म्हणून ती हसायची.

आमच्यात एक रीतही पडली होती. निवड झालेली मुलगी जाताना आपलं एक खेळणं मागं राहणारीला देऊन जायची. त्याला गुण असतो, असं सगळ्या मानायच्या. मी सगळ्यात जुनी, म्हणून ते बहुतेक वेळा मलाच मिळायचं.

मग शेजारच्या टेबलावरची ती वनरक्षक झाली. पेढ्याबरोबर तिनं तो पितळी स्पिनर माझ्या हातावर ठेवला. "आता तुजा नंबर, बघ." मी तिला मिठी मारली. आनंद खरा होता. पण ती जिना उतरून गेल्यावर मी माझा डबा उघडला. हा स्पिनर धरून निवड झालेल्यांच्या वस्तू झाल्या अकरा. अकरा जणी माझ्या हातावर खेळणं ठेवून गेल्या होत्या.

त्याच महिन्यात आईचा फोन आला. "रविवारी ये. पाव्हणं येणार हायती."

"आई, परीक्षा जवळ आलीय गं."

"ती कवा लांब असती?"

पाहुण्यांसमोर खुर्चीत बसले तेव्हा पदराआड मुठीत स्पिनर होता. कधी घेतला, आठवत नाही. मुलाच्या आत्यानं बरोबर पाहिलं. "पोरीचा हात सारखा हालतोय. फीटबीट येत न्हाई न्हवं?"

"न्हाई वो," आई घाईनं म्हणाली आणि तिनं मला मूठ उघडायला लावली. आत्यानं तो उलटसुलट करून बघितला. "एवढी शिकलेली पोरगी, आन् खेळणं?" सगळे हसले. चार दिवसांनी नकार आला. मी परत निघाले तेव्हा वडील एसटीपर्यंत सोडायला आले. गाडी दिसल्यावर एवढंच म्हणाले, "ह्या वर्साला बघ. मग बास."

साताऱ्यात आल्यावर मी ठरवलं, नाद तोडायचा. चहाच्या सुट्टीत जिन्यात डबा उघडून ठेवला. "घ्या गं. बदल्यात काही नको."

कुणाचाच हात पुढं आला नाही. शेवटी सगळ्यात नवी मुलगी म्हणाली, "ताई, राग मानू नका. तुम्ही पास झालात की घेईन." बाकीच्या पायरीकडं बघत राहिल्या. माझ्या हातात आल्यावर त्या वस्तूंचा गुण गेला, असं त्यांना वाटत होतं. मलाही ते खोटं वाटेना. मी झाकण लावलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी पुस्तकं बांधली आणि जागा सोडते म्हणून सांगायला खाली अभ्यासिकेच्या मालकांकडं गेले. मी तोंड उघडायच्या आत तेच म्हणाले, "बरं झालं भेटलात, मॅडम. खिडकीजवळची जागा मोकळी झालीय. जुन्यांचा पहिला हक्क. देऊ का?"

घरी गेले तर पुढचे पाहुणे तयार होते. इथं राहिले तर वडिलांनी दिलेलं हे एकच वर्ष हातात होतं. मालक वही उघडून वाट बघत होते.

"द्या," मी म्हणाले.

दुपारपर्यंत पुस्तकं हलवली. खिडकी रंगानं चिकटून बसलीय, उघडत नाही, हे नंतर कळलं. उजेड मात्र चांगला येतो. अजून मी तिथंच बसते.