आत्याच्या पट्टीतली गाठ

ही गोष्ट मी बायकोलाही सांगितलेली नाही. मुलीला सातवा महिना लागला आहे आणि कालपासून तिची कंबर दुखते आहे, म्हणून आता लिहितो.

ऐंशीच्या दशकात आम्ही घाटकोपरला डोंगरावरच्या चाळीत राहायचो. माझी गिरणी बंद पडली होती. विक्रोळीच्या एका कारखान्यात पॅकिंगचं काम मिळालं होतं. सकाळपाळी करून दुपारी घरी यायचो. शेजारच्या खोलीत माझी विधवा आत्या. तिच्या सासरी एक विद्या होती, तिला ते लोक तोलविण म्हणत. घरातल्या बाईला सातवा महिना लागला की बाळ जन्मेपर्यंत तिच्यासाठी चार बोटं रुंदीची पट्टी विणायची, रोज दोन बोटं. पांढरं सूत या जगाच्या बाजूचं, काळं त्या बाजूचं. त्या बाजूला काय आहे ते आत्या सांगत नसे. एवढंच म्हणायची, "चांदण्यांपासून तुझ्या बायकोच्या पोटापर्यंत सगळं एकाच ताण्यावर आहे रे. इथे ओढलं की तिथे सैल पडतं."

उभ्या धाग्यांचं एक टोक खिडकीच्या गजाला बांधायचं, दुसरं विणणारीच्या कमरेला. दिवसाची दोन बोटं पुरी होईपर्यंत कंबर मोकळी करायची नाही; उठावंच लागलं तर टोक दुसऱ्याच्या कमरेला द्यायचं. आणि काळा धागा आपणहून तुटला तर सांधायचा नाही. पट्टी सगळी उसवायची आणि पहिल्यापासून लावायची. सांधला तर त्या गाठीचं ओझं पट्टी ज्याच्या कमरेला असेल त्याच्यावर येतं. नंतर गाठ सोडली तर बाळावर.

आमची दोन बाळं आधी गेली होती. मी ह्या गोष्टींना हसणाऱ्यांतला होतो, पण त्या वर्षी हसलो नाही.

बायकोला नववा महिना होता. नळाला पाणी आलं म्हणून आत्या उठली आणि टोक माझ्या कमरेला बांधून गेली. मी नुसता बसलो होतो. हललोही नाही. माझ्या डोळ्यांसमोर एक काळा धागा तुटला.

गिरणीत मी साच्यावर, म्हणजे मागावर, बारा वर्षं कापड विणलं होतं. धागा तुटला की डोक्याच्या आधी बोटं धावायची. उशीर झाला की कापडात फट आणि जॉबर मुकादमाच्या शिव्या. टोकं जुळवून गाठ कधी मारली, शेपूट दातांनी कधी तोडलं, मला कळलं नाही. कळलं तेव्हा दंडावर काटा आला. माझ्या कमरेला एक ओढ बसली. खिडकीच्या दिशेने.

आत्या हंडा घेऊन आली. "काय रे, तोंड असं का? भूत बघितलंस?"

"भूक लागलीय."

"गिरणीवाल्यांना दुसरं काय लागतं! दे इकडे."

तेव्हाच सांगायला हवं होतं. पण नवव्या महिन्यात सगळी पट्टी उसवायची? आणि ती ओढ. ती मला एक क्षणही नको होती. मी टोक सोडलं आणि माझ्या हातांनी आत्याच्या कमरेला बांधलं.

पाचव्या दिवशी मुलगी झाली. धडधाकट. त्याच दुपारी आत्याची डावी बाजू गेली. डॉक्टरने रक्तदाबाचं कारण दिलं. चाळीने मान डोलावली, मीही डोलावली.

मुलीच्या बारशानंतर आत्याने मला बोलावलं. पट्टी तिने कमरेवरून सोडलीच नव्हती. चांगल्या हाताचा अंगठा एका जागी फिरवत, तोंड वाकडं करून ती म्हणाली, "इथे काय आहे रे?"

"काही नाही."

"गिरणीची गाठ आहे मेल्या. बाईच्या हातची एवढी चपटी बसत नाही."

माझा हात गाठीकडे गेला.

"सोडू नको. पोर आहे. मी आहे तोवर मी धरते. मी गेले की तू कमरेला बांध. ओझं मोकळं राहत नाही, ते माणूस शोधतं. बांधशील ना?"

"बांधेन, आत्या."

ती दोन वर्षं तशीच जगली. ती गेली तेव्हा अंघोळ घालणाऱ्या बायकांनी पट्टी काढून माझ्या हातात दिली. ती माझ्या बोटांना ओढत होती. मी ती ट्रंकेत तळाशी घातली, वर जुनी चादर टाकली. आज बांधू, उद्या बांधू. मुलगी लहान आहे, मी पडलो तर घर कोण चालवणार? खरं कारण हे नव्हतं. मी घाबरलो होतो.

मग ती ट्रंक आमच्याबरोबर मुलुंडला आली. मुलगी शाळेतून येऊन "बाबा, पाठ दुखते" म्हणाली की माझ्या तोंडचं पाणी पळायचं. दप्तर जड आहे, मी म्हणायचो. काल ती माहेरी आली, कमरेवर हात ठेवून खाटेवर बसली आणि म्हणाली, "बाबा, कुणीतरी मागून ओढतंय असं वाटतं."

आज जेवणानंतर ती झोपली तेव्हा मी ट्रंक उघडली. पट्टीला कसर लागलेली नाही. गाठ सापडायला वेळ लागला नाही, माझीच आहे. एक टोक गजाला बांधलं. दुसरं कमरेभोवती घेऊन निरगाठ मारली आणि खिडकीजवळ जमिनीवर बसलो. पट्टी सैल लोंबत होती. ताण यावा म्हणून मागे सरकणार होतो.

सरकलो नाही. ती आपणच ताठ झाली.