नसलेल्या वेशींचे गफूरभाई

अहमदनगर शहराची तटबंदी आजही अभेद्य आहे, हे मी पूर्ण जबाबदारीनं सांगतो. रिक्षा, म्हशी, उसाचे ट्रॅक्टर, वरातीतले डीजे आणि निवडणुकीचे प्रचाररथ तिच्यातून दिवसभर आरपार जातात हे खरं. कारण भिंत पडून कित्येक पिढ्या झाल्या. लोक झेंडीगेट, मंगळगेट असे पत्ते सांगतात, तिथं जावं तर गेट नसतं, चहाची टपरी असते. पण या भिंतीशी रोज अडणारा एक माणूस मी पाहिला आहे, आणि भिंत अभेद्य ठरायला एक माणूस पुरेसा असावा.

मी मूळचा शेवगावचा. नोकरीसाठी नगरला आलो, सावेडीत घर बांधलं, आणि जुन्या शहरात फक्त लग्नाच्या साड्या घ्यायला जात राहिलो. कॉलेजात अर्थशास्त्र शिकवून निवृत्त झाल्यावर शहर बघायची हुक्की आली, तेव्हा कुणीतरी गफूरभाईंचा नंबर दिला. ते जुनं शहर पायी फिरवून दाखवत, पण एका वेळी एकालाच. "दोघं आले की एकमेकांशीच बोलत बसतात," ते फोनवर म्हणाले, "शहराला तोंड उघडू देत न्हाईत. तुमी दुपारी झेंडीगेटला या. जेवून या."

गेलो तर रस्त्याच्या मधोमध एक उंच, किंचित वाकलेला म्हातारा उभा. पांढरी दाढी, कडक इस्त्रीचा शर्ट, जाड भिंगांचा चष्मा. मला बघताच त्यांनी हात वर केला.

"तिथंच थांबा, सर. वेस हाय इथं."

मी दोन्ही बाजूंना पाहिलं. एकीकडं मोबाइलच्या कव्हरांचं दुकान, दुसरीकडं मेडिकल. मागून एक रिक्षावाला ओरडला, "चाचा, सरका की जरा! पुन्हा सुरू झालं का तुमचं?"

"तू जा रे. तुझ्याकडं कायबी न्हाई, ठाऊक हाय मला," गफूरभाई म्हणाले, आणि माझ्याकडं वळले. "हां सर. काय घेऊन चाललात आत?"

"काही नाही. पाण्याची बाटली आहे."

"असं कुनी नसतं. नाक्यावर समदे हेच म्हनायचे. बघा जरा, आठवून सांगा."

गफूरभाईंची सगळी नोकरी नगरपालिकेच्या जकात नाक्यावर गेली होती. शहरात येणाऱ्या प्रत्येकाला थांबवून काय आणलंय ते विचारायचं, हाच त्यांचा जन्मभराचा उद्योग. पुढं जकात बंद झाली, नाके उठले, ते निवृत्त झाले. प्रश्न तेवढा शिल्लक राहिला. मग त्यांनी तो नसलेल्या वेशींवर नेऊन ठेवला. मी त्या उन्हात आठवत उभा राहिलो, आणि माझ्याच तोंडून निघालं, "डोक्यात भाऊ आहे. त्याच्याशी बोलणं बंद आहे बरेच दिवस." त्यांनी मान डोलावली, जणू गुळाच्या ढेपा मोजून झाल्या. "चालंल. हे आत न्यायला हरकत न्हाई. या."

आम्ही आत गेलो. आत म्हणजे त्याच रस्त्यावर दोन पावलं पुढं. पण मी सांगतो, आवाज बदलला.

इतिहास म्हणाल तर गफूरभाईंचा कच्चा होता. निजामशाहीतले सुलतान ते मागंपुढं करत, एकाचा महाल दुसऱ्याच्या नावावर चढवत. मी एकदा दुरुस्ती केली, तर ते शांतपणे म्हणाले, "असेल. पुस्तकात तसं असेल. आपन गल्लीत हाय." शहराचं नाव बदललं, तेव्हाही त्यांनी काही मत दिलं नाही. ते आधीही नगर म्हणत, नंतरही नगरच म्हणाले.

त्यांच्या फेरीत बघायचं असं थोडंच असे. दुपारी कापडबाजारामागच्या बोळांतून ते सावकाश चालत. दुकानांची शटरं अर्ध्यावर ओढलेली, गठ्ठ्यांवर डोकं टेकून माणसं झोपलेली, कुठंतरी शिवणयंत्र थांबत थांबत चाललेलं. कोठला भागाकडून कबुतरांचा थवा उठे आणि पुन्हा बसे, आणि मधल्या काळात रस्ता उजळून पुन्हा मंद होई. एखाद्या जुन्या दगडी हौदापाशी ते थांबत. हौदात पाणी नसे, प्लास्टिकच्या पिशव्या असत. "ऐका," ते म्हणत. मी ऐके. खरं तर काहीच ऐकू येत नसे, पण ते काहीच नसणं फार खोल वाटे, आणि आपण कोणत्या सालात उभे आहोत याचा जरा वेळ विसर पडे. एकदा तोफखान्याच्या पुढं आम्ही असेच रेंगाळलो होतो. ऊन मरणाचं होतं. "सावलीत या," ते म्हणाले. मी सरकलो. गार वाटलं. मग वर पाहिलं तर सावली देईल असं काही नव्हतं. मी भिंतीच्या सावलीत उभा होतो आणि भिंत नव्हती. हे मी अर्थशास्त्राच्या माणसांना सांगत नाही.

शहरात एकदा हेरिटेज वॉक झाला. एकसारख्या टोप्या, फ्लेक्स, पुष्पगुच्छ, आणि ज्यांच्या हस्ते चालणं सुरू व्हायचं ते प्रमुख पाहुणे. स्थानिक जाणकार म्हणून गफूरभाईंना बोलावलं होतं. मंगळगेटला त्यांनी हात वर करून अख्खी टोप्यांची रांग थांबवली आणि पाहुण्यांना विचारलं, "काय घेऊन चाललात आत?"

पाहुणे बोलायला सरावलेले. म्हणाले, "शहराच्या विकासाची एक व्यापक दृष्टी घेऊन मी—"

"ती इथंच ठेवा," गफूरभाई म्हणाले. "जाताना न्या."

त्यानंतर त्यांना कुणी बोलावलं नाही. त्यांना ते बरंच वाटलं असावं.

फेरी नेहमी त्यांच्या घरी संपे. सर्जेपुऱ्यातल्या एका बोळात दोन खोल्या, दारात डब्यात लावलेला कढीपत्ता. बिल्किसभाभी चहा टाकत. बुटक्या, गोऱ्या, हसऱ्या, माहेर जामखेडचं. पहिल्या दिवशी त्यांनी मला विचारलं, "कोन्त्या गेटानं आले?" मी झेंडीगेट म्हणालो. कप हातात देताना पुन्हा विचारलं, "कोन्त्या गेटानं आले?" मी पुन्हा सांगितलं. तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा गफूरभाईंनीच उत्तर दिलं, अगदी पहिल्यांदाच विचारल्यासारखं.

भाभींना विसर पडू लागला होता. त्या दुपारी उठून बाहेर पडत. त्यांना बांगड्यांचं एक दुकान हवं असे, जे कधीच बंद झालं होतं; एक मैत्रीण हवी असे, जी आता नव्हती. मुलगा इरफान एमआयडीसीत नोकरीला, त्याचा सावेडीत फ्लॅट. आईबापांना तिकडं नेण्यासाठी विनवून तो मेटाकुटीला आला होता. माझ्यासमोरच एकदा म्हणाला, "अब्बा, अम्मी कुठं गाडीखाली आली मंजे? सर, तुमी तरी सांगा यांना."

"तिला कायबी होत न्हाई," गफूरभाई म्हणाले. "ती वेशीच्या भायेर जात न्हाई. मी मागं मागं गेलोय, बघितलंय. मंगळगेट आलं की वळती. झेंडीगेट आलं की वळती. तिच्या पायाला ठाऊक हाय. तिकडं सावेडीत काय हाय? सगळा उघडा माळ. तिथं तिला कोन वळवनार?"

इरफान माझ्याकडं बघून हसला. मी चहा पीत राहिलो. माझं घर त्याच उघड्या माळावर होतं.

मग माझ्या लक्षात आलं की त्यांची फेरी पाहुण्यासाठी नव्हतीच, किंवा निम्मी तरी नव्हती. ते रोज शहराच्या कडेनं एक चक्कर मारत, प्रत्येक वेशीवर थांबत, आणि वेस आपल्या जागेवर आहे याची खातरी करून घेत. बायकोला कुंपण हवं होतं आणि कुंपण पडलेलं होतं. तेव्हा ते रोज चालून उभं करत. मी तोवर त्यांच्याबरोबर इतका हिंडलो होतो की मलाही त्यात काही चूक दिसेनाशी झाली होती. उन्हाळ्यातल्या दुपारी, दाळमंडईकडून येणारा धान्याचा वास नाकात असताना, भिंत असेलही असं वाटे.

एका दुपारी त्यांचा फोन आला. "सर, ती घरात न्हाई. येता का?" मी स्कूटर काढून गेलो. गफूरभाई बोळाच्या तोंडाशी उभे. चष्मा नव्हता. "सापडत न्हाई," म्हणाले, "ऱ्हाऊ द्या. चला."

आम्ही हिंडलो. बंद झालेल्या बांगडीवाल्याच्या जागी आता चप्पलवाला होता. त्यानं नाही म्हटलं. गेलेल्या मैत्रिणीच्या सुनेनं नाही म्हटलं. मंगळगेटला टपरीवाला म्हणाला, "आल्या होत्या की चाची. इथून वळल्या नेहमीसारख्या." गफूरभाईंचा चेहरा उजळला. झेंडीगेटला मेडिकलवाल्यानंही तेच सांगितलं. "बघितलंत?" ते मला म्हणाले. "आतच हाय. कुठं जानार?" चष्म्याविना त्यांना चार हातांपलीकडचं नीट दिसत नव्हतं. भाभींसारखी हिरवी साडी दिसली की ते थबकत, जवळ जाऊन बघत, माफी मागून परत येत. मी म्हणालो, "बाहेर बघू या का एकदा? किल्ल्याकडं, स्टँडकडं?"

"भायेर कशाला?" ते म्हणाले. इतक्या साधेपणानं म्हणाले की मी त्यांच्यामागं चालू लागलो. ऊन कलायला लागलं होतं. आम्ही पुन्हा तेच बोळ धरले. त्यांची चाल, जी नेहमी झोपेत चालल्यासारखी असे, ती तुटली होती.

इरफानचा फोन आला. अम्मी माळीवाडा बसस्टँडवर आहे. जामखेडच्या गाडीत बसली होती, कंडक्टरनं थांबवून ठेवलंय, नंबर तिच्या पर्समधल्या चिठ्ठीवर होता.

नगरला आज ज्या वेशी खरोखर उभ्या आहेत, त्यांतली एक माळीवाड्याची. दगडी, कमानीची, हात लावून बघता येते. जिथं वेस नव्हती तिथून भाभी गुमान वळल्या होत्या, आणि जिथं ती होती तिथून सरळ बाहेर पडल्या होत्या. गफूरभाईंना हे मी सांगायची गरज नव्हती. कमानीखाली आल्यावर ते थांबले. दगडावर तळहात टेकला, जरा वेळ तसाच ठेवला. मग माझ्याआधी बाहेर पडले.

भाभी गाडीत खिडकीशी बसल्या होत्या, अगदी प्रसन्न. कंडक्टर दारात उभा होता, म्हणाला, "काका, गाडीला लई उशीर झाला बरं का, पन मावशींना उतरवायचं कसं? उठतच न्हाईत."

गफूरभाई पायरीवर चढले. जन्मभराची सवय पुढं आली. "काय घेऊन चाललीस?" त्यांनी विचारलं.

भाभींनी पर्स उघडली, आत हात घातला आणि चष्मा काढून दिला. "तुमारा चष्मा," त्या म्हणाल्या. "तुम कहीं बी गुम हो जाते."

त्यांनी चष्मा डोळ्याला लावला आणि तिच्याकडं बघत राहिले. मग भाभी उठल्या. गाडीतल्या लोकांनी वाट दिली. जामखेडची गाडी निघून गेली. स्टँडवरच्या बाकावर त्या दोघांना बसवून मी चहा आणला. गफूरभाई बराच वेळ गाड्यांची ये-जा बघत होते. इतका माल आत-बाहेर चालला होता आणि कुणी कुणाला काही विचारत नव्हतं. "इरफानला सांगा," ते शेवटी म्हणाले, "टेम्पो बघ म्हनावं."

निघताना त्यांनी फार काही बरोबर घेतलं नाही. कढीपत्त्याचा डबा शेजारणीला दिला. टेम्पो दिल्ली दरवाज्यातून सावेडीकडं जाताना मी मागं स्कूटरवर होतो. टेम्पोच्या मागच्या हौद्यात एका खुर्चीवर गफूरभाई उलटे, शहराकडं तोंड करून बसले होते. मला वाटलं, एक मोठी गोष्ट आज आपल्यासमोर संपते आहे. ज्या भिंतीला एकटा माणूस उभं धरून होता, ती आज पडली. भाभींची मला धास्ती वाटत होती. ओळखीचे बोळ सुटले, आता या सारख्या दिसणाऱ्या इमारतींत त्यांचं कसं होणार? घरी येऊन मी ते बायकोला सांगितलं. ती म्हणाली, "होईल काहीतरी. तुम्ही जेवा."

भाभींना फ्लॅट फार आवडला. लिफ्ट तर त्यांना एवढी आवडली की सुरुवातीला त्या कामाशिवाय वर-खाली करत. इथं त्या कुठलं दुकान शोधत निघत नाहीत, कारण इथलं कुठलंच दुकान त्यांच्या आठवणीत नाही. गफूरभाई मात्र पहिल्याच आठवड्यात पाइपलाइन रोडला चुकले. पुन्हा एकदा दुसऱ्याच इमारतीत शिरून बेल वाजवत बसले. वॉचमननं त्यांना घरी आणून सोडलं.

आता सकाळी भाभी दूध आणायला जातात आणि गफूरभाईंना हाताला धरून सोबत नेतात, कारण एकट्यानं ते चुकतात. डेअरी समोरच्याच इमारतीत आहे.