काशीफळाचा पहिला घाव

काल परभणीच्या आमच्या घरात एक अख्खं काशीफळ सकाळपासून ओट्यावर पडून होतं... सूनबाई माझ्या मुलाची वाट पाहत होती. लाल भोपळ्याला पहिला घाव पुरुषानं घालायचा, मगच बायकांनी चिरायचा, ही रीत अजून आहे. मोडली तर लेकाला बाधतं म्हणतात.

मला माझ्या माहेरचं, झरी गावचं घर आठवलं. निजामाचं राज्य जाऊन दोनेक वर्षं झाली होती. वडील तापानं गेलेले, घरात माय आणि मी... मी दहा वर्षांची. काशीफळ चिरायचं असलं की मीच ते थोरल्या काकांकडे न्यायची. माय थोरल्या दिरासमोर बोलत नसे.

त्या दिवशी काकांनी विळा हातात घेतला आणि परत खाली ठेवला. "मायला सांग, आधी पोरीची शाळा बंद कर म्हणावं. मग चिरतो."

काशीफळ तसंच परत आलं. घरात दुसरी भाजी नव्हती. मायनं सगळं ऐकून घेतलं आणि विळा माझ्यापुढे ठेवला.

"चीर तू."

"अन् बाधलं तर?"

"ज्याला लेकच न्हाई, त्याला काय बाधायलंय?"

साल फार टणक. तिसऱ्या घावाला कुठं ते उकललं... मायनं मेथीदाण्याची फोडणी दिली, सालीसकट फोडी वाफवल्या, तिखट-मीठ आणि वरून तिळाचं कूट. गूळ नाही. मग वाटी भरून माझ्या हातात दिली. "काकांला देऊन ये. कुणी चिरलं म्हणले तर खरं सांग."

काका जेवायलाच बसले होते. त्यांनी विचारलंच.

"मी चिरलं."

भाकरी थापणाऱ्या काकूचा हात थांबला... काकांनी वाटी जवळ ओढली. मग त्यांनी तुकडा मोडला, सगळी भाजी खाल्ली, भाकरीनं वाटी पुसून घेतली. "मीठ कमी हाय. सांग मायला."

शाळेचा विषय त्यांनी पुन्हा काढला नाही. मीही पुन्हा काशीफळ घेऊन त्यांच्या दारात गेले नाही. मॅट्रिक झाले, औरंगाबादला कॉलेजात गेले.

हे सगळं काल सूनबाईला सांगितलं आणि सुरी तिच्या हातात दिली. तिला एक मुलगा आहे... ती क्षणभर थांबली. मग तिनं चिरलं.

भाजीत मीठ जरा कमी होतं. मी बोलले नाही. वाटी मात्र पुसून घेतली.