नऊ प्रश्नांची तालीम

न्यूझीलंडमधल्या हेन्डरसनला होम सपोर्टच्या, म्हणजे घरी जाऊन म्हाताऱ्या माणसांची काळजी घेण्याच्या नोकरीत माझ्याकडे अकरा घरं होती. त्यातलं एक सर्बियन नटीचं. सोमवार, बुधवार, शुक्रवार, सकाळी नऊ ते साडेदहा: अंघोळ, गोळ्या, नाश्ता, केर. वय ब्याऐंशी, एकटीच राहायची.

केस धुताना ती बोलत राही, मी ऐकत राही. वडील रेल्वेत, गाव डॅन्यूबच्या काठी. एकोणिसाव्या वर्षी बेलग्रेडच्या रंगभूमीवर आली. पहिल्या सिनेमात युद्धकैदी मुलगी झाली आणि काटेरी तारेमागे इतकं सुंदर रडली, की पुढच्या चार सिनेमांत तेच काम मिळालं. "मला तारेच्या बाहेर येऊच दिलं नाही कुणी," ती म्हणे. पस्तिशीत आईच्या भूमिका सुरू झाल्या. एका नाटकातली विधवा तिनं सतरा वर्षं केली. दोनदा सोडायला निघाली, पण तिकिटं तुझ्या नावावर खपतात म्हणून दिग्दर्शकानं अडवलं. मग युद्ध आलं. नाट्यगृहात हीटिंग नसे. नट आणि प्रेक्षक दोघंही ओव्हरकोटात. शेवटी मुलीमागोमाग ती न्यूझीलंडला आली. इथं एकच काम मिळालं, घर गरम ठेवणाऱ्या हीट पंपाच्या जाहिरातीतली आजी. सोफ्यावर बसायचं, संवाद नाही.

दोनदा तिनं भांडं गॅसवर ठेवलं आणि विसरली. ख्राइस्टचर्चहून मुलीचा मला फोन आला. आई एकटी राहू शकते का, हे तपासायला नर्स येणार होती. नर्सला धोका वाटला तर आईला केअर होमच्या कुलूपबंद विभागात ठेवायचं ठरलं होतं. हे ऐकून बाई शांतपणे म्हणाली, "कुलपाआड नाही. बाकी कुठंही पाठवा."

मी जे नेहमी करते तेच केलं. कागद घेतला. अशा नर्स काय विचारतात ते दोन सहकाऱ्यांकडून काढलं आणि नऊ प्रश्न उत्तरांसकट टाइप केले. ही लबाडी होती. मी तिला सराव म्हणत होते.

तिनं कागद पाठ केला तो नाटकवाल्यांच्या रीतीनं. मी प्रश्न त्याच क्रमानं, त्याच सुरात वाचायचे. पहिल्याला बसून उत्तर, तिसऱ्याला उठून खिडकीशी. तपासणी गुरुवारी होती, म्हणून आजचा वार कोणता, या पहिल्या प्रश्नाचं उत्तर ती दर वेळी "गुरुवार" असंच देई. दोन आठवड्यांत एकही चूक उरली नाही. मी नऊ ओळींपुढे नऊ बरोबरच्या खुणा केल्या.

त्या गुरुवारी मी मुद्दाम गेले. नर्स हसतमुख होती. किया ओरा असा माओरी नमस्कार केला, मला मध्ये न बोलण्याची विनंती केली आणि हातात काही न धरता गप्पांना बसली. तिनं आधी विचारलं, की घरात आग लागली तर काय कराल? तो माझा सातवा प्रश्न होता.

बाई ताठ बसली. भरल्या आवाजात म्हणाली, "गुरुवार."

नर्सनं मग नाश्त्याला काय खाल्लं ते विचारलं.

"माझी मुलगी ख्राइस्टचर्चला असते."

तिसऱ्या प्रश्नाला ती ठरल्याप्रमाणे उठली, खिडकीपाशी गेली आणि तिथं तिला कळलं, की प्रश्न आपल्या क्रमानं येत नाहीयेत. तिनं माझ्याकडे पाहिलं. चाळीस वर्षांत प्रॉम्प्टरकडे कधी नजर टाकली नाही, असं ती अभिमानानं सांगायची. मला सगळी उत्तरं पाठ होती. पण नर्सनं मध्ये बोलू नका म्हटलं होतं.

नंतर स्वयंपाकघरात मी नर्सला कागद दाखवला. ती रागावली नाही. एवढंच म्हणाली, की बाईला मोकळं बोलू दिलं असतं, तर तिला नक्की काय जमतं ते तरी कळलं असतं. आता फेरतपासणीला परत यायला दोन महिने लागतील, आणि गॅसचा धोका तर आजच आहे. मुलगी दोन महिने थांबायला तयार नव्हती.

आता मी शनिवारी केअर होमच्या त्या कुलूपबंद विभागात बाईला भेटायला जाते. बागेत दोन फेऱ्या मारतो. परत आत सोडताना आणि मी बाहेर पडताना दाराचा नंबर दाबावा लागतो, तो तिला दिसू नये असा नियम आहे. पहिल्या दिवशी मी खांद्यानं कीपॅड झाकायला गेले. तिनं ते पाहिलं. तेव्हापासून मी दाराशी पोचले, की ती आपणहून भिंतीकडे तोंड करून उभी राहते, माझं काम होईपर्यंत.