हॅनलनांच्या कोर्टहाऊसातली पाव्हलिक

ओहायोतल्या मिलफोर्क काउंटीच्या कोर्टहाऊसमध्ये सात हॅनलन निवडून आलेले आहेत आणि त्यातल्या पाचांचं एकमेकांशी कसलंही नातं नाही. उरलेले दोघे चुलतभाऊ. एक न्यायाधीश, दुसरा खजिनदार. पण एका कुंपणावरून गेली अकरा वर्षं त्यांचं बोलणं बंद आहे, म्हणजे तेही नातं नसल्यासारखंच. तिघे एका पक्षाचे, चौघे दुसऱ्याचे. शेरीफ हॅनलन, ऑडिटर हॅनलन, रस्ते-पूल बघणारा इंजिनिअर हॅनलन, ज्याला पुलावर उभं राहिलं की गरगरतं. आणि तळमजल्यावर, वाफेच्या नळ्यांच्या खडखडाटात, घराजमिनींच्या नोंदी सांभाळणारा रेकॉर्डर हॅनलन.

म्हणजे कागदोपत्री तो सांभाळायचा. खरं सांभाळणारी लोर्ना पाव्हलिक.

चोवीस वर्षांत तिच्या डोक्यावर तीन रेकॉर्डर येऊन गेले. दारावरची पितळी पाटी मात्र तीच राहिली, कारण तिच्यावर नुसतं ‘हॅनलन’ होतं. पहिल्याला झोप प्रिय होती, दुसऱ्याला गोल्फ. तिसरा डेल हॅनलन स्वभावाने गरीब. दर शुक्रवारी डोनटचा खोका आणायचा, सगळ्यांना आग्रह करकरून खायला घालायचा, आणि त्याखेरीज ऑफिसातल्या कुठल्याही वस्तूला हात लावायचा नाही. लोर्नाला तिघांत हाच आवडला होता.

हे नाव लोकांच्या तोंडी कसं बसलं, ते काउंटीतलं शेंबडं पोर सांगेल. एकोणसाठच्या पुरात जॅक हॅनलन नावाच्या शेरीफने चार दिवस बोट वल्हवून माणसं काढली होती. छपरावर अडकलेली एक धिप्पाड बाई आणि तिचा पियानो, दोन्ही त्याने आणल्याचं सांगतात. पियानोचं खोटं असावं. तेव्हापासून मतपत्रिकेवर हॅनलन दिसला की मिलफोर्कच्या माणसाचा हात आपोआप तिकडे वळतो. गंमत अशी की जॅकला मुलगा नव्हताच. दोन मुली. त्यातली मोठी एकदा उभी राहिली होती, पण लग्नानंतरच्या श्रोडर या नावाने. सपशेल पडली. तिला पाडणारा हॅनलन दुसऱ्या राज्यातून येऊन नुकताच स्थायिक झालेला दातांचा डॉक्टर होता.

प्रचाराला इथे फारसं काही लागत नाही. हिरव्या पाट्या आहेत, ‘हॅनलन’ एवढंच लिहिलेल्या. ना पहिलं नाव, ना पद, ना पक्ष. दर निवडणुकीला घरोघरच्या गॅरेजातून त्या निघतात, अंगणात रोवल्या जातात आणि नोव्हेंबर सरला की पुसून परत, ख्रिसमसच्या माळांशेजारी. आईबापांकडून मुलांकडे गेलेल्या पाट्या आहेत.

लोर्नाचा बाप श्टेफान पाव्हलिक विटांच्या भट्टीवर होता. मुकादमाला स्लोव्हाक नावं झेपत नसत, म्हणून त्याने सगळ्यांना सोपी नावं घ्यायला लावली. निम्म्यांनी घेतली. श्टेफानने मुकादमालाच शिकवायला घेतलं. रोज सकाळी हजेरीच्या वेळी त्याच्यासमोर उभं राहून, तो नीट म्हणेपर्यंत हलायचं नाही. तीन महिने लागले. मुकादम मरेपर्यंत ते एकच स्लोव्हाक नाव बरोबर म्हणायचा.

त्याची ही मुलगी चोविसाव्या वर्षी गॅरी हॅनलनशी लग्न करून पुढच्याच आठवड्यात कोर्टहाऊसात नोकरीला लागली. अर्जावरचं आडनाव वाचून झोपाळू साहेबांना वाटलं, आपल्यापैकीच कोणीतरी असेल. गॅरी घरं तापवायच्या भट्ट्या दुरुस्त करायचा. माणूस सोन्यासारखा, फक्त घरात सापडायचा नाही. कोणाचीही भट्टी विझली की हा निघाला. आणि काउंटीतल्या भट्ट्या नेमक्या ख्रिसमसच्या जेवणाला विझत. नऊ वर्षं लोर्ना दोन स्वेटर घालून एकटी जेवली, कारण दुरुस्तीवाल्याच्या स्वतःच्या घरची भट्टी कायम नादुरुस्त. मग तिने काडीमोड घेतला आणि बापाचं नाव परत लावलं. भांडण असं झालंच नाही. त्यानंतर गॅरी दर ऑक्टोबरात येऊन तिची भट्टी तपासून जाऊ लागला. लग्नात असताना हे सुख तिला कधी मिळालं नव्हतं.

लोर्नाच्या खिडकीशी येणारी माणसं बहुतेक म्हातारी. हातात पिवळट कागद. विधवा मिसेस कोझार अशाच आल्या होत्या. तुमच्या मागच्या अंगणाखालचा कोळसा अजून खाणकंपनीचाच आहे, असं त्यांना कोणीतरी पत्र पाठवलं होतं. लोर्नाने दोन दिवस जुनी बाडं उपसली आणि कंपनीने तो कोळसा सोडल्याचं १९११ सालचं हक्कसोडपत्र काढून त्यांच्या हातात दिलं. चुकीच्या खंडात बांधलं गेलं होतं. कुठला कागद कुठे चुकून गेलाय हे यंत्राला सांगता येत नाही, आणि लोर्नाला झोपेतही सांगता येई.

म्हणून डेल निवृत्त होणार हे कळलं, तेव्हा ती डेलच्या पक्षाचा अध्यक्ष विल्बर ओटिंगर याच्या सतरंज्या-गालिच्यांच्या दुकानात जाऊन सरळ म्हणाली की मला उभं राहायचंय.

ओटिंगरला आनंदच झाला. एवढी लायक बाई कुठे मिळणार, म्हणाला. मग गालिच्याचा एक नमुना उलटसुलट करत त्याने सांगितलं की फक्त ते आडनाव तेवढं परत घे. एक अर्ज, जज हॅनलनची एक सही. सकाळी गेलीस तर जेवायच्या आत होऊन जाईल.

“मी चोवीस वर्षं काम केलंय, विल्बर.”

“ते माहितेय सगळ्यांना. पण कामाची पाटी कोणाच्या गॅरेजात पडलेली नाही ना. नवीन नाव म्हणजे नव्या पाट्या, नवं सगळं. आणि तू काय, हॅनलन होतीसच की.”

लोर्नाला विटांच्या भट्टीवर मुकादमासमोर उभा राहिलेला बाप आठवला. नाही जमणार, म्हणाली.

आठवड्याभरात पक्षाने ब्रेंट हॅनलन उभा केला. वय सव्वीस, धंदा शेजारच्या काउंटीत गरम पाण्याचे टब विकायचा. मिलफोर्कमध्ये खोली घेऊन तिसरा महिना. ऑफिस बघायला आला तो फोन हातात धरूनच. बाडांच्या कपाटांसमोर उभं राहून त्याने स्वतःचे फोटो काढले. मग लोर्नाला म्हणाला, ही खिडकी बंद करायची, इथे एक यंत्र बसवू, लोक बटण दाबतील. आणि बाडं कुठल्याशा गोदामात. तुमच्यासाठीही काहीतरी बघूच. हे ‘काहीतरी’ तो टबाबरोबर फुकट देतात त्या टॉवेलसारखं म्हणाला.

त्या संध्याकाळी लोर्नाने जुने निकाल काढून स्वयंपाकघरातल्या टेबलावर पसरले. हॅनलन म्हटलं की शंभरातली साठ मतं, कोणीही असो. उरलेली चाळीस इतरांची. तिने पेन्सिलने साठाला मधोमध रेघ मारली. दोन हॅनलन असतील तर तीस आणि तीस. चाळीसवाली पाव्हलिक वर.

नाव घ्यायचं नाही म्हणून बाणेदारपणे उठून आलेली बाई, नाववाला माणूस मात्र उसना घ्यायला निघाली होती. हे तिच्या लक्षात आलं नव्हतं असं नाही. बटाटे सोलता सोलता तिने स्वतःची समजूत काढली, आणि गॅरीला जेवायला बोलावलं.

गॅरीने कोबी घातलेल्या हालुश्की, म्हणजे बटाट्याच्या उकडलेल्या गोळ्या, दोनदा वाढून घेतल्या आणि सगळं शांतपणे ऐकलं.

“म्हणजे मी उभं राहायचं आणि पडायचं.”

“हो. काहीही करायचं नाही.”

“ते जमेल मला,” गॅरी म्हणाला. “तुझं मत तर मी काहीच करत नाही असंच होतं.”

दोघांनी अपक्ष म्हणून सह्या गोळा केल्या, दोघांचे अर्ज स्वीकारले गेले. ओटिंगर लाल झाला, पण गॅरी हॅनलन हॅनलन नाही असं कोण सिद्ध करणार? सप्टेंबरात हिरव्या पाट्या निघाल्या तेव्हा तर ब्रेंटची पंचाईतच झाली. अंगणातली पाटी आपली की त्या भट्टीवाल्याची, हे घरात जाऊन विचारायचीही सोय नाही. त्याने पाट्यांवर स्वतःचा हसरा फोटो चिकटवायला सुरुवात केली. लोकांना ते आवडलं नाही. आजोबांच्या पाटीवर हा कोण.

लोर्नाने मात्र खपून प्रचार केला. निळ्या पाट्या करून घेतल्या, काउंटीच्या जत्रेत भोपळ्यांच्या स्पर्धेशेजारी टेबल मांडलं, फायर स्टेशनातल्या खिमा-राजम्याच्या चिलीच्या जेवणाला प्रत्येक टेबलाशी गेली. सगळे इतके प्रेमाने बोलत की तिला वाटलं, चाळीसाची पन्नास होतील. तू नसशील तर त्या ऑफिसचं काय होईल, असं म्हणून बायका तिचा हात सोडत नसत. गॅरी ठरल्याप्रमाणे काहीही करत नव्हता. त्या वर्षी थंडी लवकर पडली आणि तो सकाळपासून कोणाच्या ना कोणाच्या तळघरात असायचा.

मतदानाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला कॉफी ठेवून लोर्नाने रेडिओ लावला. ब्रेंट हॅनलन, अठ्ठावीस टक्के. तिने साखरेचा डबा खाली ठेवला. लोर्ना पाव्हलिक, एकतीस. आणि निवेदकाने गॅरी हॅनलन, एक्केचाळीस, असं म्हणून हवामान सांगायला घेतलं.

साठाला मारलेली रेघ तिने मधोमध मारली होती. या काउंटीतल्या निम्म्या भट्ट्यांवर ज्याचा फोन नंबर खडूने लिहिलाय, त्याच्या बाजूला ती सरकेल हे सुचायला हवं होतं. पण तिच्या चाळीसातली नऊ गेली कुठे, ते तिला कळेना.

ते मिसेस कोझार यांनी सांगितलं. नऊ वाजता अक्रोडाचा रोल फॉइलमध्ये गुंडाळून त्या खिडकीशी हजर. चेहरा फुललेला.

“अभिनंदन गं बाई. मी तुलाच मत दिलं हो.”

“मी पडले, मिसेस कोझार.”

“पडलीस कसली? तुझा नवरा आला ना निवडून.”

“आमचा काडीमोड होऊन पंधरा वर्षं झाली.”

“ते कोर्टात,” मिसेस कोझार यांनी हात झटकला. “मी आणि माझ्या बहिणीने नीट विचार केला. तुझ्यापुढे खूण केली असती, तर खाली ही खिडकी कोण बघणार? तू वर साहेब होऊन बसणार. त्यापेक्षा हॅनलन वर, तू खाली, म्हणजे काम चालू. आमच्या चर्चमधल्या सगळ्या बायकांनी असंच केलंय.”

लोर्नाने रोल घेतला आणि आभार मानले. दुसरं काय करणार? ज्या बायकांनी हात सोडला नव्हता, त्या खरंच बोलत होत्या. तिची किंमत त्यांना इतकी पक्की ठाऊक होती की तिला जागेवरून हलवायची त्यांची तयारी नव्हती.

जानेवारीतल्या पहिल्या सोमवारी गॅरी शपथ घेऊन खाली आला. अंगात लग्नातला कोट, हातात हत्यारांची पेटी. साहेबांच्या खोलीच्या उंबऱ्यावर तो चोरासारखा उभा राहिला.

“लोर्ना, मी आत्ताच राजीनामा देतो. कागद दे.”

हा कागद तिने दोन महिन्यांपूर्वीच टाईप करून पाहिला होता. राजीनामा आला की रिकामी खुर्ची भरायचा अधिकार काउंटीच्या तीन कमिशनरांचा. ब्रेंटचा फोटो त्यांच्याकडे आधीच पोचलेला. ‘अनुभवी हॅनलन हवा’ असं त्यातला एकजण म्हणाल्याचंही तिच्या कानावर होतं.

“बस खाली,” ती म्हणाली.

“पण ती जागा तुझी आहे.”

“माहितेय. म्हणूनच सांगते, बस. चार वर्षं उठायचं नाहीस. मी देईन त्यावर सही करायची. ही खिडकी बंद होणार नाही आणि एकही बाड गोदामात जाणार नाही, हा आजचा पहिला हुकूम. टाईप केलाय.”

गॅरीने सही केली. मग खुर्चीत मागे रेलून पाहिलं, अवघडला, कान टवकारून वर बघू लागला.

“या नळ्या कधीपासून अशा वाजतात?”

“चोवीस वर्षं.”

त्याने कोट काढून पितळी पाटीच्या खिळ्याला अडकवला आणि पेटी उघडून खोलीच्या कोपऱ्यात गुडघ्यांवर बसला. दुपारपर्यंत खडखड थांबली. तळमजल्यावर इतकी शांतता झाली की वरून शेरीफ हॅनलन काय झालं म्हणून बघायला आला. त्या खोलीत बसलेल्या कुठल्याही हॅनलनने केलेलं ते पहिलं काम.

लोर्नाने त्या शांततेत जत्रेतून उरलेली एक निळी पाटी कपाटामागून काढली, खालचे तारेचे पाय उपसून काढले आणि खिडकीच्या काचेला आतून चिकटवली. दारावर ‘हॅनलन’, खिडकीवर ‘पाव्हलिक’. काम असलेली माणसं कुठे जायची ते बघून घेतील.

रांगेतला पहिला म्हातारा चष्मा सरकवून ती पाटी वाचायला लागला. पहिल्यांदा चुकला. लोर्नाने त्याचा कागद हातात घेतला, पण उघडला नाही.

“पुन्हा म्हणा,” ती म्हणाली.