लायसन कोणतं लागते जी?

आमच्या दुकानातून जो तो आपला कागद घेऊन जातो आणि गोष्ट इथंच विसरून जातो, छत्री विसरावी तशी. छत्रीवाला निदान परत तरी येतो!

अर्जुनी मोरगावला तहसीलच्या रस्त्यावर माझं ऑनलाइनचं दुकान आहे. एक कॉम्प्युटर, एक प्रिंटर, दोन प्लास्टिकच्या खुर्च्या आणि लाइट गेली की पुठ्ठ्याचा पंखा. उत्पन्नाचा दाखला, सातबारा सगळेच काढून देतात. माझ्याकडे जास्त करून येतात ते नवा धंदा टाकणारे. दुकानाचा गुमास्ता म्हणजे नोंदणीचा दाखला, फूड लायसन, छोट्या धंद्याची उद्यमची नोंदणी, ग्रामपंचायतीचा दाखला... कोणाला काय लागतं ते मला पाठ झालंय. माझं खरं नाव आता बहुतेक फक्त आधार कार्डावर उरलंय. बस स्टँडवर उतरून "लायसनवाली ताई कुठी बसते?" एवढं विचारलं तरी पुरतं.

काल भिशीत मैत्रिणींना यातले दोन-तीन किस्से सांगायला बसले, तर सगळ्यांचे चहा थंड झाले. म्हटलं, लिहूनच टाकावं.

*

भिवाजीभाऊ तलावातली मासोळी बाजारात विकतात. त्यांचे वडीलही विकायचे. एक दिवस ते दारात येऊन उभे राहिले.

"ताई, मासोळी विकाले बी लायसन लागते का जी?"

"लागते ना भाऊ. फूडची नोंदणी. वर्षाचे शंभर रुपये."

"अन् काटा?"

"काट्यावर वजनमापवाल्या साहेबांचा शिक्का लागतो."

त्यांनी थैलीतून एक गुंडाळलेलं फडकं काढलं. आत एक काळा, हाताळून गुळगुळीत झालेला दगड. "मंग यावर मारतीन का शिक्का? हा माह्या बापाचा किलो हाय."

मी हसले. ते हसले नाहीत. खुर्चीवर बसले आणि हळूच म्हणाले, "ताई, साहेबानं मोजला अन् कमी भरला तं? बाप गेला माहा. सारी जिंदगी त्यानं यानंच मोजलं."

काट्यांना शिक्के मारायला साहेब तालुक्याला आले, त्या दिवशी भिवाजीभाऊ नवा इलेक्ट्रॉनिक काटा घेऊन गेले. दगड न नेताही चाललं असतं. पण नेला. आधी काट्यावर शिक्का झाला, मग त्यांनी स्वतःच तो दगड साहेबांपुढं ठेवला. मी बाजूलाच उभी होते. भाऊंनी डोळे मिटून घेतले होते.

"एक किलो ऐंशी ग्रॅम," साहेब म्हणाले. "हा वापरता येणार नाही. जास्त भरतो."

भिवाजीभाऊंनी डोळे उघडले. "जास्त?"

"जास्त!"

त्यांनी दगड परत फडक्यात बांधला, देवघरातला देव बांधावा तसा. सगळ्या लाइनीला ऐकू जाईल असं म्हणाले, "बापानं जास्तच देल्लं लोकायले!"

पुढच्या बाजाराला नवा काटा, वर शिक्का, मागं लायसन लटकवलेलं. पहिल्याच म्हातारीनं थैली हातात तोलून पाहिली आणि ओरडली, "काऊन रे भिवा, लायसन काढलं अन् मासोळी कमी झाली!"

*

माझी नणंद दवनीवाड्याला दिली आहे. तिथल्या बायांचा बचत गट मोहफुलाचे लाडू करतो. मोहफुलं, तीळ, गूळ. फूडचा अर्ज मीच भरून दिला. काही दिवसांनी पाहणीला एक नवे साहेब आले. तिकडचे, पुण्याकडचे असावेत. अर्जावर 'मोह' वाचून ते थबकले.

"हे बघा, दारूचं लायसन आमच्याकडे नसतं."

गटाच्या अध्यक्ष सायत्राबाई. त्यांनी ताटलीत दोन लाडू आणून ठेवले. "लाडू हायत जी साहेब. खाऊन पाहा."

साहेब ताटलीकडे पाहत राहिले. मग गंभीरपणे म्हणाले, "नको. मी ड्युटीवर आहे."

सायत्राबाईंनी दोन्ही लाडू कागदात बांधून त्यांच्या बॅगेत ठेवले. "मंग घरी न्या. पन खाऊन गाडी नोका चालवू जी!"

आठवड्यात लायसन आलं. त्यानंतर साहेबांच्या घरून दोन किलोची ऑर्डरही आली.

*

आता माझं सांगते. नाहीतर म्हणाल, दुसऱ्यांचंच सांगते.

एक दिवस दुकानात गर्दी होती. ज्यांच्या ऑफिसात गुमास्त्याची नोंद होते, तिथले एक साहेब स्वतःच्या कामाची प्रिंट काढायला आले होते. बसल्या बसल्या भिंत न्याहाळत होते. मग सहज म्हणाले, "ताई, तुमचा स्वतःचा गुमास्ता कुठं लावलाय?"

मी भिंतीकडं पाहिलं. कॅलेंडर होतं. घड्याळ होतं. 'येथे गुमास्ता काढून मिळेल' असा बोर्डही होता. गुमास्ता नव्हता! जुनं दुकान सोडून इथं आले तेव्हा पत्ता बदलायचा होता. उद्या करू, उद्या करू, करत दोन वर्षं निघून गेली होती.

साहेब भले माणूस. "आत्ता भरा, मी बसतो," म्हणाले. मी सगळ्यांना थांबवून स्वतःचा फॉर्म उघडला. आणि दुसऱ्यांचे फॉर्म डोळे मिटून भरणारी मी, स्वतःच्या फॉर्मवर अडकले. जागेचा भाडेकरार सापडेना, फोटो मोठा होईना, पिनकोडही चुकला.

मागच्या खुर्चीवर एक आजोबा कधीचे ताटकळत बसले होते. पहिल्यांदाच आलेले. त्यांना माझी दया आली. "बाई, तुमच्याच्यानं होत नसन तं इथं कोनी लायसनवाली ताई हाय म्हनतेत. तिच्याकून भरून घ्या. ते पाच मिनिटात करते!"

*

इटियाडोह धरणाच्या रस्त्यावर एक गाव आहे. तिथल्या कौशल्याबाईंच्या नवऱ्याचा पाय मोडला आणि घर त्यांच्या अंगावर आलं. चहा आणि आलुबोंड्याचं दुकान टाकायचं ठरलं. बाकी सगळं मी करून दिलं, पण जागेसाठी ग्रामपंचायतीचा दाखला हवा होता. ग्रामसेवकाकडं तीन गावं. या गावात विचारलं तर त्या गावात गेले, त्या गावात गेलं तर पंचायत समितीत मिटिंग!

चौथ्यांदा रिकाम्या हातानं आल्या तेव्हा कौशल्याबाई रडायच्या बेतात होत्या. मी आपलं धीर द्यायला म्हटलं, "बाई, पंचायतीसमोर ठाण मांडून बसा. कधीतरी येतीलच."

त्यांनी ते मनावर घेतलं. दुसऱ्या दिवशी स्टोव्ह, कढई आणि बसायला पाट घेऊन पंचायतीसमोर जाऊन बसल्या! नुसतं बसून काय करायचं, म्हणून चहा ठेवला. साहेबांची वाट पाहणारे काय त्या एकट्याच होत्या? दहा-बारा जण रोज असायचेच. त्यांनाही चहा लागायचा. तिसऱ्या दिवशी बोंडे सुरू झाले.

लायसनआधी धंदा सुरू करू नये, हे मी सगळ्यांना सांगते. त्यांनाही सांगितलं होतं. पण बाई म्हणाल्या, "धंदा कुठी करून राहिली ताई? मी तं वाट पाहून राहिली!"

शेवटी ग्रामसेवक आले. प्रवासानं दमलेले. समोर गरम बोंडे दिसले, तसे तिथल्या बाकावर बसले. दोन खाल्ले, चहा घेतला, मग अर्ज मागवला.

"पंचायतीची काही हरकत नाही," म्हणाले. पेन उघडलं. "दुकान कुठं टाकणार? पत्ता काय लिहू?"

कौशल्याबाईंनी झाऱ्यानंच दाखवलं. "तुमी बसले हा, तेच लिहा ना साहेब!"

*

प्रगतीनं पार्लरचा कोर्स केला आणि गोंदियाहून परत येऊन घरच्याच एका खोलीत पार्लर टाकलं. आई शेवंताबाई राइस मिलमध्ये कामाला. आरसा आणि खुर्ची आईच्या मजुरीतून आलेली. उद्यमची नोंदणी मी करून दिली आणि आठच दिवसांत पोरगी रडवेली होऊन आली. सोबत आई.

कोणाचा तरी रोज फोन येत होता. सर्टिफिकेट अडकलंय, फी भरा, नाहीतर कॅन्सल होईल. मी काही बोलणार तेवढ्यात पुन्हा वाजला. प्रगतीनं स्पीकरवर टाकला.

"मैडम, लास्ट टाइम बोल रहा हूँ. आज फीस नहीं भरी तो दुकान सील हो जाएगी!"

शेवंताबाईंनी पोरीच्या हातून फोन घेतला. "कोन बोलून राहिला रे?"

"लाइसेंस डिपार्टमेंट से."

"बरं. मंग पयले तुह्यं लायसन दाखव."

"मेरा? मेरा कौन सा लाइसेंस?"

"लोकायले फोन करून पैसे मांगाचं!"

फोन कट झाला. उद्यमच्या नोंदणीला सरकारची फी एक पैसाही नाही, हे मी नंतर सांगितलं. पण तोवर शेवंताबाई उठल्याही होत्या. "चाल वो, मिलचा टाइम झाला."

*

नामदेवभाऊंना चक्की टाकायची होती. गहू दळायचा, मिरची-हळद कांडायची. पन्नाशीचे गृहस्थ. बँकेनं बाकी सगळं मंजूर केलं होतं, फक्त उद्यमचा कागद हवा होता, आणि तोही त्याच दिवशी. दुसऱ्या दिवसापासून बँकेतले साहेब लांब रजेवर जाणार होते.

आधारचा नंबर टाकला. ओटीपी पाठवला. "भाऊ, मोबाईलवर सहा आकडे आले असतील, सांगा."

त्यांनी मोबाईल पाहिला. काही नव्हतं. मी स्क्रीनवरून नंबरचे शेवटचे आकडे वाचून दाखवले, तसा त्यांचा चेहरा उतरला.

"तो नंबर माहा नोहे. घरात एकच मोबाईल होता तवाचा हाय. आता दादापाशी हाय."

"मग दादांना फोन लावा ना."

नामदेवभाऊ रस्त्याकडं पाहत राहिले. "आमचं बोलनं नाई ताई."

"कधीपासून?"

"अकरा वर्सं झाले." शेताला नहराचं पाणी घेण्याच्या पाळीवरून भांडण झालं होतं. आंगण एकच, दारं दोन.

आधारवरचा नंबर बदलून घ्यायचा तर बरेच दिवस लागणार. शेवटी मीच माझ्या फोनवरून त्यांच्या थोरल्या भावाला, दयारामदादांना लावला, स्पीकरवर ठेवला. कोण बोलते ते सांगितलं. तुमच्या मोबाईलवर आकडे आलेत, तेवढे वाचा, म्हटलं.

"ओटीपी कोनाले सांगू नोका म्हनतेत," तिकडून आवाज आला. "कोनाच्या कामाचा हाय?"

"नामदेवभाऊंच्या."

तिकडं काहीतरी खडखडलं. मला वाटलं, ठेवला. मग एकेक करत आकडे आले. सावकाश, चष्मा शोधून वाचल्यासारखे. आणि नेमकी साइट अडकली. दहा मिनिटं चक्र फिरत राहिलं. मुदत संपली!

दुसऱ्यांदा पाठवला. मला टाइप करायला दोन्ही हात हवे होते, म्हणून फोन नामदेवभाऊंच्या हाती दिला. त्यांनी हॅलोही म्हटलं नाही. पण दादांनी श्वासावरून ओळखलं असावं.

"लिहून घे," ते म्हणाले. आणि आकडे सांगितले. नामदेवभाऊंनी तेच आकडे माझ्यासाठी मोठ्यानं म्हटले. अकरा वर्षांनी दोघे भाऊ एवढंच बोलले. सहा आकडे.

आणि लाइट गेली.

लाइट आली तेव्हा बँक बंद व्हायला अर्धा तास उरला होता. तिसरा ओटीपी पाठवला, दादांना फोन लावून पुन्हा नामदेवभाऊंच्या हाती दिला. या वेळी दादांनी आकडे लगेच सांगितले नाहीत.

"कायचं दुकान टाकून राहिला?"

नामदेवभाऊंनी माझ्याकडं पाहिलं. मी घड्याळाकडं पाहिलं.

"चक्कीचं."

"मोटर किती एचपीची?"

"साडेसातची."

"दहाची घेजो. मिरचीले साडेसातची गरम होते."

"हो."

"लिहून घे." मग आकडे आले. या वेळी साइट चालली. कागद निघाला. नामदेवभाऊंनी तो घडी न करता दोन्ही हातांनी धरला आणि बँकेकडं जवळजवळ पळतच गेले. मागं खुर्चीवर त्यांचा खांद्यावरचा दुपट्टा राहिला.

तिसऱ्या दिवशी सकाळी एक उंच, वाळके म्हातारे गृहस्थ आले. खुर्चीवर बसले. आवाजावरून मी ओळखलं.

"नामदेवचं काम झालं का जी?"

"झालं दादा. त्याच दिवशी बँकेतही दिलं."

"अजून एखादं लायसन राहिलं असन."

"नाही. फूडचं झालं, गुमास्ता झाला, पंचायतीचा दाखला आला. आता काहीच राहिलं नाही."

त्यांनी खिशातून मोबाईल काढला. बटनांचा, रबर लावून बांधलेला. डोळ्यांजवळ नेऊन पाहिला, शर्टाला पुसला आणि परत खिशात ठेवला. मग घसा खाकरून म्हणाले,

"मंग ताई, त्याच्या नावानं एखादं काढा ना... ज्याले ओटीपी लागते."