गव्हाणीतली मोळी

बहात्तरच्या दुष्काळात मी पुण्याच्या एका माहितीपटवाल्याकडे कामाला होतो. काम म्हणजे जुन्या फिल्मा शोधून आणायच्या. नगरचे फोटो स्टुडिओ, मिशनचे बंगले, कुणाच्या माळ्यावरचे बिस्किटांचे डबे. झाकण उघडल्यावर आंबूस वास आला की समजायचं, रीळ गेलं.

त्या वर्षी श्रीगोंद्याकडच्या एका साखर कारखान्याचा माहितीपट आमच्याकडे आला. चेअरमननी मला घरी बोलावलं. पहिल्या हंगामाची पूजा करून गव्हाणीत, म्हणजे ऊस आत ओढणाऱ्या साखळीवर, पहिली मोळी त्यांच्या पत्नीनं टाकली होती. कुणीतरी ते टिपलं होतं. बाई आता नव्हत्या.

"आमच्या मंडळींचं हलतं चित्र तेवढंच हाय," ते म्हणाले. "फोटोत नुसत्या बघत बसत्यात. चालताना बघायचंय रे एकदा."

त्यांनी मला ओळखलं नाही. मी मात्र त्यांना चांगला ओळखत होतो. त्याच हंगामात माझ्या वडिलांचा, दादांचा, उजवा हात त्या साखळीत गेला, तेव्हा याच माणसानं सगळ्या कामगारांसमोर सांगितलं होतं, दारू पिऊन आला हुता. दादा दारूला कधी शिवले नव्हते. ते वाक्य त्यांच्यामागं गावभर फिरलं. त्यांची तिरडी उचलतानाही कुणीतरी ते बोललंच.

रीळ कारखान्याच्या गोदामात गोणपाटाखाली सापडलं. चांगलं होतं. निगेटिव्ह नव्हतंच, एवढी एकच प्रत. खिडकीशी उभं राहून मी फीत उजेडाला धरली. नऊवारी, डोक्यावर पदर, हातात मोळी. जास्त निरखलं नाही. कात्री चालवली, उरलेली टोकं चिकटवली, तुकडा खिशात टाकला. बरं वाटलं. खोटं कशाला सांगू?

माहितीपट कारखान्याच्या अतिथिगृहात पडदे ओढून दाखवला. चेअरमन कोरी टोपी घालून पुढं बसले होते. हारतुरे झाले, पाहुणे झाले, आणि मोळी गव्हाणीत पडताना दिसली. टाकणारी दिसली नाही.

"मागं घ्या जरा," ते म्हणाले.

मागं घेतलं. पुन्हा मोळीच पडली.

"ती कुठं हाय?"

तेवढाच भाग खराब झाला होता साहेब, असं मी सांगितलं. त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. संपेपर्यंत मी पडद्याकडे नाही, त्यांच्याच तोंडाकडे बघत होतो.

पुढं बऱ्याच दिवसांनी तो तुकडा भिंगाखाली धरला. बाईंच्या मागं, साखळीवरचा ऊस सारखा करत, दादा उभे होते. दोन्ही हातांनी.

आई तेव्हा होती. तिला दाखवलं असतं तर हे कुठं मिळालं म्हणून तिनं विचारलं असतं, आणि तिच्याशी मला खोटं बोलता आलं नसतं. म्हणून दाखवलं नाही, तुकडा कपाटात ठेवून दिला. ती गेली. चेअरमन तिच्याआधीच गेले होते. त्यांचं मला अजून वाईट वाटत नाही. आईचं वाटतं.

परवा कपाट उघडलं, तर आंबूस वास आला.